दोन डाव्या हातांचा शनिदूत

मित्रांनो, मी एक जुना यंत्रमानव आहे. जुना म्हटले की तुम्हाला गंजलेले लोखंड आठवेल, पण माझ्या अंगात लोखंड फार थोडे आहे. मी बहुतेक सगळा पुठ्ठ्याचा आहे. माझी छाती म्हणजे अंड्यांचा ट्रे, कान म्हणजे आइस्क्रीमचे कप आणि अंगावरची चकाकी म्हणजे भेटवस्तू गुंडाळायचा चंदेरी कागद. कपाटावरच्या धुळीत बसून मी हे सांगतो आहे, म्हणून माझी कीव करू नका. माझ्याइतका निर्धास्त यंत्रमानव तुम्हाला शोधून सापडणार नाही. सुरुवातीला मात्र मी अजिबात निर्धास्त नव्हतो. तेव्हा मी सतत घाबरलेला असायचो, आणि त्याला कारणही तसेच होते.

मी ज्या घरात जन्मलो त्या घरात आई, तिच्या दोन मुली आणि मुलींचा मामा असे चौघे राहत. बाबा बोटीवर नोकरीला होते, त्यामुळे ते घरात असत ते मुख्यतः फोनमध्ये. मोठी मुलगी सातवीत होती आणि तिच्या डोक्यात सिनेमाने घर केले होते. आईच्या फोनवर एक खराखुरा विज्ञानपट काढायचा, असे तिने सुट्टी लागल्या दिवशीच जाहीर करून टाकले. तिची गोष्टही तयार होती. शनी ग्रहावरून शनिदूत नावाचा एक दुष्ट यंत्रमानव पृथ्वीवर येतो आणि शहरातली सगळी वीज पिऊन टाकतो. एक छोटी शास्त्रज्ञ एक चमत्कारिक टॉर्च बनवते, तिचा झोत त्याच्यावर टाकते, आणि शनिदूत आपल्या यानाच्या पायऱ्यांवरून कोसळतो आणि त्याचे तुकडे तुकडे होतात. समाप्त.

ही गोष्ट तिने आईला आणि धाकटीला सांगितली तेव्हा मामा कामावर होता आणि मी कोपऱ्यात मिक्सरचे रिकामे खोके म्हणून पडलो होतो. म्हणजे बघा, माझ्या अंगाला अजून कात्रीही लागली नव्हती आणि माझा शेवट ठरून गेला होता. मला ज्या हौसेने बनवले जाणार होते, तितक्याच हौसेने मोडले जाणार होते.

मला कापले ते आईने. आई घरी शिवणकाम करायची आणि तिने आयुष्यात कापडाशिवाय दुसरे काही कापलेले नव्हते. तिने गळ्यातली टेप काढली, खोक्याची छाती, कंबर, उंची मोजली, आणि एखादे गिऱ्हाईक समोर उभे असावे तशी मान तिरकी करून मला न्याहाळले. मग तिने कागदावर बाहीचा फर्मा काढला. आता कापड नेहमी दुहेरी घडी घालून कापतात. एकदा कात्री चालवली की डावी आणि उजवी अशा दोन बाह्या आपोआप निघतात. पुठ्ठ्याला घडी कुठली? आईने तोच फर्मा पुठ्ठ्यावर दोनदा ठेवला, दोनदा कापला, वर चंदेरी कागद चिकटवला, बोटे दुमडली आणि हात माझ्या खांद्याला लावून बघितला. दोन्ही हात डावे निघाले होते. एक उलटा करून लावावा, तर आतला पुठ्ठा बाहेर यायचा आणि त्यावर मोठ्या अक्षरांत ‘नाजूक वस्तू’ असे छापलेले होते. शहराची वीज पिणाऱ्या राक्षसाच्या हातावर हे शोभले नसते. शेवटी दोन डावे हात तसेच राहिले. धाकटी म्हणाली की शनीवर सगळे डावखुरेच असतात, आणि तो विषय संपला.

आईची कामाची एक रीत होती. कुठलाही कपडा ती आधी कच्च्या टाक्यांनी जोडायची. लांब लांब, सैल टाके. गिऱ्हाईक आले, घालून बघितले, इथे सैल तिथे घट्ट सांगून गेले, की मग टाके उसवून पक्की शिलाई. तिने मलाही तसेच जोडले. मान, खांदे, कंबर, सगळीकडे पांढऱ्या दोऱ्याचे कच्चे टाके. आत स्पंजाचे अस्तर. तोंडाच्या जागी तिने एक जुनी झिप शिवली. “पक्कं नंतर करते,” असे ती म्हणाली आणि दुसऱ्याच दिवशी तिच्याकडे शाळेच्या गणवेशांचा ढीग येऊन पडला.

मी मशीनशेजारी बसून राहिलो. इतरांच्या कॉलरी, खिसे, कफ तिच्या मशीनखालून पक्के होऊन निघत होते आणि मी आपला कच्च्या टाक्यांवर लोंबकळत होतो. मला त्याचा राग आला, हे मी लपवणार नाही. ज्याचे पुढे तुकडे होणार आहेत त्याच्यावर दोरा कशाला वाया घालवायचा, असा तिचा विचार असेल, असे मला वाटले. खरे तर तिला वेळ नव्हता, एवढेच.

आता राहिले पाय. ते मला मामाने दिले. मामा लिफ्ट दुरुस्तीचे काम करायचा. त्याच्याजवळ लहानपणची एक रिमोटवर चालणारी गाडी होती. लाल रंगाची, जाड टायरांची, आणि रिमोटला हातभर लांब एरियल. ती त्याने आपल्या कपड्यांच्या तळाशी जुन्या टॉवेलात गुंडाळून ठेवलेली होती. इतक्या वर्षांत ती कोणाला हात लावायला दिलेली नव्हती. त्या दिवशी त्याने टॉवेल सोडला, गाडी जमिनीवर ठेवली आणि स्वयंपाकघरापासून दारापर्यंत एकदा चालवून दाखवली. मामाच्या चेहऱ्यावर असे हसू मुलींनी पूर्वी पाहिले नव्हते.

“सिनेमा संपला की गाडी मला परत,” मामा म्हणाला. “जशी आहे तशी.”

“हो मामा,” मोठी म्हणाली.

यानाच्या पायऱ्या म्हणजे इमारतीचा जिना, हे तिने सांगितले नाही. धाकटीने तिच्याकडे पाहिले, तिने छताकडे पाहिले, आणि मी पुठ्ठ्याच्या आत गार पडलो. मी एकटाच नाही, तर मामाची गाडीही माझ्याबरोबर खाली जाणार होती, आणि हे त्या घरात फक्त दोघी बहिणींना आणि मला ठाऊक होते.

मामाने गाडीवर मला बसवले. वळताना मी कलंडायचो, तेव्हा त्याने लिफ्टला तोल सांभाळायला जसे वजन लावतात तसे माझ्या बुडाशी लोखंडी वायसरांची एक पुरचुंडी बांधली. डोळ्यांच्या जागी दोन छोटे लाल दिवे लावले आणि त्यांची तार गाडीच्या सेलला जोडली. गाडी सुरू झाली की माझे डोळे पेटायचे. पहिल्यांदा ते पेटले तेव्हा समोर कपाटाच्या आरशात मी स्वतःला पाहिले. मित्रांनो, आत्मस्तुती वाईट, पण मी फार छान दिसत होतो.

पुढचे काही दिवस तालमीचे होते. धाकटी ही छोटी शास्त्रज्ञ. तिला आईने आपल्या जुन्या पांढऱ्या ओढणीचा कोट शिवून दिला होता. एका हातात टॉर्च, दुसरा हात खिशात, आणि खिशात रिमोट. म्हणजे सिनेमात ती माझी वैरीण, पण मला चालवायची तीच. तिच्या अंगठ्यावर माझे सगळे जगणे होते. ती मला हळू वळवायची, चादरीच्या सुरकुतीवर अडकलो तर आपण होऊन उचलायची, जेवताना आपल्या पाटाशेजारी बसवायची. सिनेमात मी शनिदूत होतो, पण घरात तिने माझे नाव ढब्बू ठेवले होते. समोरच्या काकूंनी एकदा दार उघडले आणि मी नेमका त्यांच्या उंबऱ्याशी उभा होतो. त्यांच्या हातातली दुधाची पिशवी पडली. मोठी म्हणाली की यापेक्षा मोठी शाबासकी कुठल्या नटाला मिळत नाही. मला ते पटले.

आता मुख्य गोष्टीकडे येतो. एके दिवशी इमारतीच्या दारावर पाटी लागली की सोमवारपासून रंगारी येणार आणि जिना रंगवणार. कठड्यांना हात लावायचा नाही, पायऱ्यांवर बसायचे नाही, मुलांनी खेळायचे नाही. रंग पूर्ण व्हायला सुट्टी संपेपर्यंतचा वेळ लागणार होता. आणि आमच्या सिनेमाचा शेवट तर जिन्यातच होता.

मोठी दिवसभर पाटीसमोर येरझाऱ्या घालत होती. संध्याकाळी आईच्या मशीनशेजारी बसल्यावर तिचा चेहरा उजळला.

“शेवट आधी काढायचा,” ती म्हणाली. “खऱ्या सिनेमात असंच असतं. सगळं क्रमाने कोणीच काढत नाही. जिथली जागा मिळेल तिथलं आधी.”

आईच्या ओठांत टाचण्या होत्या, तिने नुसती मान हलवली. धाकटीला ताईचे सगळेच खरे वाटायचे. मामा कामावर होता. मीच एकटा असा होतो की ज्याच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. अहो, शेवट आधी काढायचा म्हणजे आधी माझे तुकडे होणार. मग यानातून उतरायचे कोणी? शहराची वीज प्यायची कोणी? बाकीचा सगळा सिनेमा अजून काढायचा होता आणि तो सगळा माझ्यावर होता. इतकी साधी गोष्ट त्या हुशार मुलीच्या लक्षात येत नव्हती, कारण ती सिनेमावाल्यांसारखा विचार करण्यात गुंग होती. मी ओरडून सांगितले असते. पण माझे तोंड म्हणजे एक झिप होती आणि ती बंद होती.

रविवार उजाडला. मामाला सकाळीच बोलावणे आले, कुठे तरी लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये अडकली होती. आई गणवेश पोचवायला गेली. जिना रिकामा होता. मोठीने मला वरच्या पायरीच्या काठापासून थोडे मागे ठेवले, स्वतः खालच्या वळणावर जाऊन फोन धरून बसली. धाकटी माझ्यामागे उभी राहिली, कोट घालून, एका हातात टॉर्च आणि एक हात खिशात.

“चल,” मोठी खालून म्हणाली.

मी हललो नाही. म्हणजे धाकटीने मला हलवले नाही.

“ताई, ढब्बूला लागेल.”

“अगं, पुठ्ठ्याला लागत नाही.”

“आणि मामाची गाडी?”

खाली मोठीने फोन दुसऱ्या हातात घेतला. मग मोठी म्हणाली, “आत स्पंज आहे. काही होत नाही. उद्यापासून जिना बंद. डोळे मिटून दाब हवं तर.”

“डोळे मिटले तर तो कुठे जातोय ते कसं दिसेल,” धाकटी म्हणाली.

तिने डोळे उघडेच ठेवले. टॉर्च लावली. मला खिशातल्या बटणाची टिक ऐकू आली आणि माझी चाके फिरू लागली. दोन हात असूनही मला कशाला धरता येईना. काठ आला, पुढची चाके हवेत गेली, आणि मी निघालो.

पडताना पहिल्यांदा माझी मान सुटली. मग एक खांदा, मग दुसरा. आईचे ते लांब सैल टाके एकामागून एक सुटत गेले. ट्रे एकीकडे, कान दुसरीकडे, वायसर पायऱ्यांवरून टणटणत खाली. मी स्वतःला सगळीकडे विखुरताना पाहत होतो आणि मला कळेना की दुखत कसे नाही. शेवटी वळणावर सगळे शांत झाले. गाडी उताणी पडली होती आणि तिची चाके गरागरा फिरतच होती, कारण धाकटीचा अंगठा अजून बटणावरच होता.

“झकास,” मोठी म्हणाली आणि तिने चालूच असलेला फोन वर केला, तेव्हा तिला धाकटी दिसली. धाकटी वरच्या पायरीवर उभी राहून रडत होती. आवाज न करता, नाक न पुसता, नुसते डोळ्यांतून पाणी. मोठीने फोन खिशात टाकला आणि वर धावली. मग दोघींनी मिळून मला गोळा केले. एकही वायसर त्यांनी मागे ठेवला नाही. गाडी सरळ करून चालवली तर एक चाक डुगडुगत होते. ते पाहून मोठीचा चेहरा धाकटीच्या कोटापेक्षा पांढरा पडला.

मला धुण्याच्या टोपलीत ठेवले होते. डोके मावेना म्हणून ते स्वयंपाकघरातल्या एका पातेल्यात. आई परत आली, तरी दुपार फार लांबली. मोठीने जेवताना घास नुसता फिरवला. मामा आल्याचे पाऊल जिन्यात वाजले तेव्हा ती आपण होऊन उठली आणि टोपली घेऊन दारात जाऊन उभी राहिली. त्याला बूटही काढू न देता तिने सगळे सांगितले. शेवट कसा होता, तो तिने आधीच का सांगितला नाही, आणि चाक डुगडुगते ते. सांगताना ती रडली नाही, पण तिचा आवाज कोणाचा तरी उसना आणल्यासारखा येत होता.

मामा तिथेच उंबऱ्यात बसला. त्याने गाडी उचलली आणि एकेक चाक बोटाने फिरवून पाहिले. डुगडुगणारे चाक त्याने दोनदा फिरवले.

“सांगितलं असतंस,” तो म्हणाला, “तर मी खाली गादी घातली असती.”

एवढेच. मोठी तेव्हा रडली. मामाने तिला रडू दिले, बूट काढले, हात धुतले, आणि टॉवेलला हात पुसत विचारले, “आलं का नीट?”

मित्रांनो, माझ्या डोक्यात हा विचार आलाच नव्हता. चित्रण नीट आले नसेल तर? तर पुन्हा. पुन्हा तो जिना, पुन्हा ती टिक. पातेल्यातून मला फोनचा पडदा दिसत नव्हता. चौघांची डोकी त्या फोनवर वाकलेली होती. माझ्या पोटात गोळा आला, पोट टोपलीत असूनही.

“आलंय,” आई म्हणाली. “सगळंच्या सगळं आलंय.”

माझा जीव भांड्यात पडला. तसा तो आधीपासूनच भांड्यात होता, पण आता तिथे आरामात बसला.

“छान,” मामा म्हणाला. “आणि बाकीचा सिनेमा?”

“म्हणजे?” मोठी म्हणाली.

“म्हणजे हा तर फुटला. यानातून उतरणार कोण?”

मोठीने टोपलीकडे पाहिले. मग मामाकडे. मग पुन्हा टोपलीकडे. तिचे तोंड उघडे राहिले ते राहिलेच. आईला हसू आवरेना, ती भिंतीला धरून खाली बसली. मग धाकटी हसली, मग मामा, आणि शेवटी मोठीही नाक पुसत पुसत हसली. त्या दिवशी घरात हसू परतले ते माझ्या तुकड्यांभोवती, आणि मला त्याचे काही वाईट वाटले नाही.

आईने टोपली जमिनीवर ओतली आणि माझा एकेक भाग उजेडात धरून पाहिला. मान पाहिली, खांदे पाहिले, कंबर पाहिली. दोरे सुटले होते, पण पुठ्ठा कुठेही फाटला नव्हता. “पक्की शिलाई मारली असती तर सगळा चिरफाळून गेला असता,” ती म्हणाली. मशीनशेजारी बसून मी जितका रागावलो होतो तो सगळा राग तिथल्या तिथे उतरला. गणवेशांचा तो ढीग आला नसता तर आज तुमच्याशी बोलायला मी उरलोच नसतो.

मला पुन्हा जोडले. कान थोडे चेमटले होते ते वाफेवर धरून सरळ केले. मामाने चाकाचा दांडा काढला, सरळ करून बसवला. आईला वाटत होते की आता आपल्या हातून झालेली चूक सुधारावी आणि मला एक उजवा हात द्यावा. तिने कात्री घेतलीही. पण मोठीने तिचा हात धरला. शेवटात ज्याला दोन डावे हात आहेत त्याला सुरुवातीला उजवा कसा चालेल, लोक काय म्हणतील, असे ती कळवळून सांगू लागली. त्या दिवशी तिच्या डोक्यात पहिल्यांदाच क्रम शिरला होता. मी सुटलो. दोन डाव्या हातांची मला एव्हाना सवय झाली होती.

“या वेळी तरी पक्का शिवते,” आई म्हणाली.

“नको,” मामा म्हणाला. “कच्चाच राहू दे. सिनेमा झाला की गाडी काढायची आहे ना.”

हे तो सहज बोलला. मोठीने मान हलवली, कारण दिलेला शब्द तिला आता पाठ झाला होता. धाकटी मात्र माझ्या कानाला चिकटपट्टी लावता लावता थांबली. मीही मनात नोंद केली. जिन्यातून वाचलो होतो, पण शेवटी उसवला जाणार होतोच.

तरी सांगतो, त्यानंतरचे दिवस माझ्या आयुष्यातले सगळ्यात सुखाचे. ज्या पडण्याची मला धास्ती होती ते पडणे होऊन गेले होते. सिनेमातले माझे मरण माझ्या पाठीमागे होते आणि सगळे पराक्रम पुढे होते. मी यानातून उतरलो, म्हणजे शिवणाच्या मशीनच्या झाकणावरून. मी फ्रिजसमोर उभा राहून त्याचा दिवा प्यालो. मी टेबललॅम्प प्यालो, देवासमोरची दिव्यांची छोटी माळही प्यालो, आणि दर वेळी मामा पडद्याआडून बटण बंद करायचा. आधी तालमीत मी जरा बिचकत चालायचो. आता मी असा ऐटीत वळायचो की मोठी म्हणाली, शनिदूताला आता कुठे भूमिका कळली आहे. तिला काय माहीत मला काय कळले होते ते.

सिनेमा पूर्ण झाला. समोरच्या काकूंकडे मोठा टीव्ही होता, तिथे तो एका संध्याकाळी दाखवला. मजल्यावरची माणसे आली, बाबा मामाच्या फोनमधून आले. मला पुढच्या रांगेत धाकटीच्या मांडीवर जागा होती. माझे पराक्रम झाले आणि मग जिना आला. मी स्वतःला काठाशी पाहिले, हवेत पाहिले, तुकडे होताना पाहिले. माणसे श्वास धरून बसली होती. धाकटीने माझे चाक मुठीत धरले. मग टीव्हीवर तिचा रडणारा चेहरा आला. काकूंनी पदर डोळ्यांना लावला. एवढा दुष्ट शनिदूत, पण तो मेल्यावर त्याच्यासाठी रडणारी ती छोटी शास्त्रज्ञ, हे सगळ्यांना फार आवडले. मोठीने गोष्टीत असे काहीच घातलेले नव्हते.

“ते रडणं खरं होतं की खोटं?” फोनमधून बाबांनी विचारले.

“सिनेमातलं होतं,” धाकटी म्हणाली.

घरी आल्यावर मोठीने कोणी न सांगता आईची छोटी कात्री आणली. मला तिने टेबलावर आडवे ठेवले आणि कात्री मामापुढे धरली.

“मामा, तुझी गाडी.”

धाकटी भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. मी तयार होतो. जिन्यातले पडणे मला नको होते, पण या माणसाने मला पाय दिले होते, आणि ते त्याचे होते. मामाने मला उलटे केले. त्याने कात्री घेतली नाही, खिशातला स्क्रू ड्रायव्हर काढला. बुडाखालचे झाकण उघडले आणि एकेक सेल बाहेर काढला. माझे डोळे विझले. मग त्याने रिमोटचेही सेल काढले, झाकणे बसवली, आणि मला पुन्हा उभे केले.

“कपाटावर जागा कर,” तो मोठीला म्हणाला.

“पण तू म्हणाला होतास, गाडी परत. जशी आहे तशी.”

“तशीच आहे की,” मामा म्हणाला. “वर जरा कपडे चढलेत.”

धाकटी वळली. तिने माझ्या विझलेल्या डोळ्यांकडे पाहिले आणि मामाला हळूच विचारले की मग सेल का काढले.

“आत राहिले तर गळतात आणि सगळं खाऊन टाकतात,” मामा म्हणाला. “परत चालवायचाय म्हणून काढले.”

मित्रांनो, तेव्हापासून मी इथे कपाटावर आहे. ज्याला टाकून द्यायचे असते त्याचे सेल कोणी काढत बसत नाही. म्हणून माझे तुमच्याकडे एकच मागणे आहे. खेळ संपला, कंटाळा आला, दुसरे काही नवे हाती आले, तर खुशाल आम्हाला बाजूला ठेवा. आम्ही रुसत नाही. पण ठेवण्याआधी बुडाखालचे झाकण उघडा आणि सेल काढून घ्या. तेवढ्यावर आम्ही कितीही वर्षे धुळीत मजेत बसू शकतो.

मोठी आता शिकायला दुसरीकडे राहते. धाकटीची उंची कपाटाच्या कडीच्या वर गेली आहे. मामाचे केस कानाशी पिकले आहेत. आज सकाळपासून खाली बरीच गडबड चालली आहे, सुट्टी लागलेली दिसते. कोणीतरी पाकीट फाडले, आणि ते बिस्किटांचे नव्हते, सेलच्या पाकिटाचा आवाज मी ओळखतो. आता कपाटाशी स्टूल ओढल्याचा आवाज येतो आहे.